अडुसष्ट किलो

लिफ्टमध्ये बटणांच्या वर एक पाटी असते:
तेरा व्यक्ती, आठशे चौऱ्याऐंशी किलो.
भागून बघा. माणशी अडुसष्ट.

बरोबर अडुसष्टचा माणूस
बावीस वर्षांत मला भेटलेला नाही.
वखारियाशेठ शंभराच्या पुढे,
सतराव्या मजल्यावर पोळ्या लाटणाऱ्या सुगंधाबाई
पिशवीसकट पंचेचाळीस.
तरी हिशेबात दोघं सारखीच धरायची.
खोटंच आहे, मलाही माहीत आहे.
पण दोर याच खोट्यावर टांगलेला असतो.

प्रभादेवीच्या टॉवरमधलं काम तसं साधं होतं,
कार्डांचा प्रोग्राम बदलायचा.
पुढच्या दोन लिफ्ट रहिवाशांना,
मागची कचऱ्याला, कुत्र्यांना, सोफ्यांना,
आणि बाया, ड्रायव्हर, पार्सलवाली पोरं यांना.

"आम्ही कुणाची जात विचारली का?"
सेक्रेटरींनी ठराव पुढे सरकवला.
"दाखवा, कुणाचं नाव आहे यात?"

नव्हतं.
पण बाद झालेली एकशे बारा कार्डं मी टेबलावर मांडली
तेव्हा त्यांवरची आडनावं मला पाठ होती.
आमच्या वस्तीतल्या रेशनच्या रांगेत
ती अशीच एकामागोमाग येतात.

"आणि वर पोचतातच ना? त्याच मजल्यावर?
मग नुकसान काय झालं?"

हा प्रश्न माझ्याबरोबर घरी आला,
ताटावर बसला.
काय नुकसान?
चार मिनिटं जास्त लागतात.
गुडघे दुखतात, पण उभं तर दोन्हीकडे राहायचंय.
दोर त्याच कंपनीचा, ग्रीसही मीच घालतो.
मिनिटं मोजली, पायऱ्या मोजल्या,
उत्तर काही भरेना.

मग आठवलं.
मागच्या लिफ्टलाही पाटी आहे.
तिच्यावर नुसते किलो लिहिलेत.
व्यक्ती हा शब्दच नाही.

बोट दाखवायला मी तरी कोण?
कळव्याची वरची खोली भाड्याने द्यायची होती,
दलालाला हळूच म्हणालो, आपल्यातलाच बघ.
खोली माझी, मर्जी माझी.
तरी इखलाक नावाचा पोरगा आला एकदा,
चपला जिन्यातच काढून,
तीन महिन्यांचं भाडं पाकिटात घालून.
मी म्हणालो, गेली रे खोली.
गेली नव्हती.
दिवाळीपर्यंत रिकामी होती,
मीच आठवड्याला जाऊन खिडक्या उघडायचो.

लोक म्हणतात, कायद्याने मन बदलत नाही.
नसेल बदलत.
मोटारीला कुठे मन असतं?
वर मशीनरूममध्ये एक गव्हर्नर असतो,
वेग हाताबाहेर गेला की जबडे आवळतात,
रूळ पकडतात.
तो मोटारीला चांगली वाग म्हणत नाही,
तिची समजूत काढत नाही.
आतल्यांना पडू देत नाही, एवढंच.
आणि माझं मन साफ व्हायची वाट
त्या पोराने जिन्यात उभं राहून
किती वर्षं बघायची?

प्रोग्राम मी बदलला.
हे सांगायलाच हवं.
नाही म्हणालो असतो तर दुसऱ्याने बदलला असता,
असंही म्हणून बघितलं. त्याने काही हलकं झालं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी सुगंधाबाई
पुढच्या लिफ्टपाशी कार्ड लावत होत्या.
लाल दिवा.
पुन्हा लाल.
"बिघडलंय का हो?"
मी पान्हा पिशवीत टाकत म्हणालो,
"नाही बाई. बरोबर चाललंय."

त्यांनी कार्ड पदराला पुसलं
आणि परत एकदा लावून बघितलं.